भट्टी उंबऱ्याच्या आत येईपर्यंत

ठाण्याच्या नौपाड्यातल्या आमच्या घरात यीस्टचे पीठ पहिल्यांदा फुगले ते 2020च्या एप्रिलमध्ये. लॉकडाऊनला तीन आठवडे झाले होते. पहाटे येणारी पाववाल्याची सायकल थांबली होती आणि धाकट्या लेकीने हट्ट धरला होता की वर पांढरे आयसिंग घातलेले गोड बन घरीच करायचे. आई तेव्हा अठ्ठ्याहत्तर वर्षांची. पुरणपोळीपासून अनारशांपर्यंत सगळे तिच्या हातचे, पण हे ऐकून ती खरोखरच गोंधळली. "बन घरी करतात का गं?" एवढेच तिने विचारले.

तेव्हापासून तो प्रश्न माझ्या मनातून गेलेला नाही. कारण पाव ठाण्याला नवा नाही. मुंबई हे एक शहर म्हणून उभे राहायच्या आधी ठाण्यात पाव भाजला जात होता. मग गावात आलेला पाव स्वयंपाकघरात पोचायला पावणेपाचशे वर्षे का लागली असतील?

1534 साली गुजरातच्या बहादूरशहाने तह करून वसई आणि आसपासचा मुलूख पोर्तुगीजांच्या हवाली केला. साष्टी बेट त्यात होते आणि साष्टीच्या ईशान्य टोकाला खाडीकाठी ठाणे होते. पोर्तुगीज कागदांत त्याचे नाव 'कासाबे द ताना' म्हणजे कसबे ठाणे असे येते. गव्हाच्या फुगलेल्या पावाशिवाय पोर्तुगीज माणसाचे जेवण होत नसे. त्यांच्या 'पांव' या शब्दावरूनच आपला 'पाव' आला. अडचण एकच होती, पीठ फुगवायचे कशाने? युरोपात बिअरचा किंवा आदल्या दिवसाच्या आंबलेल्या पिठाचा आधार घेत. इथे कोकणपट्टीत माड, ताड आणि शिंदी उभे होते आणि भंडाऱ्यांनी पहाटे उतरवलेली माडी-ताडी दुपारपर्यंत फसफसू लागत असे. त्या फसफसण्यात जो जीव असतो, तोच पिठातही काम करतो. गोव्यात आणि वसई-साष्टीत पाव फुगला तो ताडीवर. आज आपण पाकिटातून काढतो ते यीस्ट तेव्हा झाडाच्या शेंड्यावरच्या मडक्यात तयार होत असे.

1737 साली मराठ्यांनी ठाणे घेतले, 1739 साली चिमाजीअप्पांनी वसई घेतली. पोर्तुगीजांनी बांधायला घेतलेला ठाण्याचा किल्ला आज कारागृह म्हणून उभा आहे. सत्ता गेली, पण इथले ख्रिस्ती लोक इथेच राहिले, कारण ते इथलेच होते. पुढे 1887 साली त्यांनी स्वतःला 'ईस्ट इंडियन' हे नाव घेतले. त्यांच्या घरांतला एक पदार्थ या सगळ्या गोष्टीत मला फार महत्त्वाचा वाटतो, तो म्हणजे फुगे. मैदा, अंडी, नारळाचे दूध, थोडी साखर आणि ताडी किंवा यीस्ट घालून पीठ सैलसर भिजवायचे, ते वर आले की मुठीतून त्याचे गोळे पिळून तेलात सोडायचे. लग्नघरी फुगे हवेतच. नीट पाहिले तर हे गोड बनचेच पीठ आहे. घरात भट्टी नव्हती म्हणून ते तेलात तळले गेले असावे, इतकाच फरक. म्हणजे ठाण्याच्या परिसरातल्या मराठी बोलणाऱ्या बायकांनी गोड खमिराचे पीठ पिढ्यान्‌पिढ्या घरीच केले आहे. आईच्या प्रश्नाचे पहिले उत्तर तिथे आहे: होय, करतात, पण आपल्या आळीत नाही.

आपल्या आळीत का नाही, हे उघड बोलायला हवे. पाव म्हणजे बाटवणारे अन्न, ही समजूत आमच्या घरात माझ्या पणजीपर्यंत जिवंत होती. परक्यांनी विहिरीत पावाचा तुकडा टाकला, ते पाणी प्यालेले अख्खे गाव बाटले, अशी कथा वसईपासून ठाण्यापर्यंत सांगितली जाई. तुकड्याने खरेच काही होत नव्हते, पण ते पाणी प्यालेल्यांना परत जातीत घेण्याचे दार मात्र बंद होत होते आणि ते आपल्याच लोकांनी बंद केलेले असे. त्यात नावाची भर पडली. पाव हा शब्द 'पाय'शी जुळत असल्याने तो पायाने तुडवून करतात, असे पणजी ठामपणे सांगे. भट्टीवर काम करणारे हात ख्रिस्ती, मुसलमान, इराणी होते आणि खरी अढी त्या हातांविषयी होती. या इतिहासातला हा भाग गोड नाही. पण तो वगळला तर आईचा प्रश्न कळत नाही.

मग पाव घरात शिरला कसा? आजाऱ्याच्या बाजेवरून. 'दूध-पाव द्या' असे डॉक्टरांनी सांगितले की विटाळाचा विचार मागे पडे. ताप उतरलेल्या पोराला दुधात बुडवलेला बन मिळे आणि त्याची चव त्याच्या जिभेवर कायमची बसे. त्यानंतर चहा आला. त्यानंतर 1966च्या सुमारास दादर स्टेशनबाहेर वडापाव आला, ज्याचे श्रेय अशोक वैद्य यांना दिले जाते. तोवर गिरण्यांतल्या आणि कारखान्यांतल्या माणसाला पाव हा घाईच्या वेळचा सोबती झालाच होता. पाव सगळ्यांचा झाला, पण करायचा मात्र बाहेरच. विकत आणायचा, घरी करायचा नाही. ही रेघ अनेक वर्षे तशीच राहिली.

बनच्या दुसऱ्या अर्ध्या भागाची, म्हणजे वरच्या साखरेची कथा इंग्लंडात जाऊन परत येते. तिकडे गोड, मसालेदार बन हा सणाचा पदार्थ होता. 1592 साली लंडनमध्ये असा हुकूम निघाला होता की मसाल्याचे बन फक्त गुड फ्रायडेला, नाताळात आणि अंत्यविधीच्या वेळी विकावेत. अठराव्या शतकात लंडनजवळच्या चेल्सी भागातले बन हाउस इतके गाजले की गुड फ्रायडेला तिथे झुंबड उडे. 1851च्या लंडनच्या महाप्रदर्शनात साखरेचे खडे लावलेले बाथ बन नऊ लाखांहून अधिक खपले. सणाचा बन रोजचा झाला, कारण साखर स्वस्त झाली. ती स्वस्त झाली त्यामागे कॅरिबियन बेटांवरच्या उसाच्या मळ्यांत राबवलेल्या आफ्रिकी गुलामांचे कष्ट होते, हे विसरून त्या चकचकीत थराकडे पाहता येत नाही. 1874 साली ब्रिटनने साखरेवरचा करही काढून टाकला. त्यानंतर बेकरीतल्या साध्या लांबट बनवरही पांढऱ्या, गुलाबी आयसिंगचा जाड पट्टा आला. तिकडे त्याला 'आइस्ड फिंगर' म्हणतात, ऑस्ट्रेलियात 'फिंगर बन'. आज आपल्या मुली मोबाइलवर पाहून जो करायला घेतात, तो हाच.

आणि साखर मुळात कोणाची? 'शर्करा' आणि 'खंड' हे शब्द इथूनच पश्चिमेला गेले. इंग्रजांच्या 'शुगर' आणि 'कँडी'त ते आजही ऐकू येतात. पण आपल्याकडे पांढरी साखर सढळ हाताने वापरायची सवय अलीकडची. आशियातला पहिला सहकारी साखर कारखाना म्हणून ओळखला जाणारा प्रवरानगरचा कारखाना 1950च्या आसपास सुरू झाला. त्यानंतरही साखर बरीच वर्षे रेशनकार्डावर मोजून मिळत होती. आईला अजून आठवते, महिन्याची साखर आली की आधी सणाची बाजूला काढायची, उरलेली चहाला. अशा घरात दोनशे ग्रॅम साखर पावावर लिंपायला कोण धजणार?

मुंबईच्या इराण्यांनी चहाबरोबर बन-मस्का रूढ केला. धोबीतलावची कयानी 1904ची, ग्रँट रोडची मेरवान 1914ची. इराण्यांचा बन किंचित गोड, कधी मनुका घातलेला आणि आतून लोण्याने माखलेला. वर साखर नाही. ठाण्यात मात्र गोड बनचे वेड लागले ते अय्यंगार बेकऱ्यांमुळे, असे मला वाटते. कर्नाटकातल्या हासन जिल्ह्यातून आलेल्या या मंडळींनी बिनअंड्याचा माल ठेवला आणि ज्या घरांत अंडे चालत नव्हते त्यांची शंकाच मिटवली. खोबरे, साखर आणि टूटी-फ्रूटी भरलेला त्यांचा बन आम्ही शाळेतून येताना चौघींत वाटून खाल्ला आहे. (ती रंगीत टूटी-फ्रूटी म्हणजे पाकात मुरवलेली कच्ची पपई, हे कळल्यावर आई एकदम निर्धास्त झाली होती.) क्रीम लावून वर पिठीसाखर भुरभुरवलेले बनही इथल्या बेकऱ्यांतून मिळत. जाड, पांढऱ्या आयसिंगचा बन मात्र दुकानात क्वचितच दिसे, आणि त्याचे कारण आपली हवा. त्याकडे पुढे येतेच.

त्याआधी भट्टीविषयी. माझ्या लहानपणी आमच्या घरात ओव्हन नव्हता, पण दिवाळीत भट्टीचा पदार्थ व्हायचाच. आई तूप-साखर फेसून नानकटाईचे पीठ मळायची, पत्र्याच्या डब्यात भरायची आणि आम्ही दोघी बहिणी तो डबा घेऊन बेकरीत जायचो. दुपारी, पावाचा घाणा निघाल्यानंतर आणि भट्टीची धग थोडी उतरल्यावर, घरगुती मालाला जागा मिळे. तिथे बायका ओळीने बसून बेकरीच्याच काळ्या पत्र्यांवर नानकटाई थापत, आपला पत्रा ओळखू यावा म्हणून कोणी मधोमध चारोळी लावी, कोणी वेलदोड्याचा दाणा. भट्टीवरचे चाचा लांब दांड्याच्या लाकडी फळीने ते पत्रे आत सारत. ते उत्तर प्रदेशातून आलेले होते, पहाटे दोनपासून कामाला उभे असत आणि तरी "बेटी, ये किसका है?" असे विचारून प्रत्येकीचा माल वेगळा ठेवत. भाजणावळ किलोवर घेत. डबा गरम परत यायचा, तो हातात धरवत नसे. आमच्या घराने भट्टीला परके मानणे सोडले ते त्या दुपारींत. कोणी तसे म्हटले नाही, पण आपले सणाचे पीठ आपण त्या हातांत दिले होते.

बेकरीची विटांची भट्टी पहाटेपासून तापलेली असते आणि घुमटातून, तळातून, चहूबाजूंनी सारखी उष्णता देते. बनला नेमकी हीच लागते. पहिल्या पाचेक मिनिटांत आतला वायू पसरून बन झेप घेतो, मग वरचा पापुद्रा तपकिरी होतो. घरातल्या चुलीला आणि स्टोव्हला आच फक्त खालून. म्हणून आपल्या बहुतेक पदार्थांच्या पद्धती तव्याच्या, तळणीच्या नाहीतर वाफेच्या.

यावर घरगुती उपाय निघाले. प्रेशर कुकरच्या तळाशी वाळू किंवा मीठ पसरायचे, शिटी आणि रबर काढून ठेवायचे आणि आत डबा ठेवून केक भाजायचा. हॉकिन्सचा कुकर आमच्या वागळे इस्टेटमध्ये तयार होतो, आळीतले काही जण तिथे कामालाही होते. त्याच कुकरात बायकांनी वाळू भरून पहिले केक फुगवले याचा मला फार अभिमान वाटतो. केक त्यात होतो, कारण तो पातळ ओतायचा असतो आणि फिका राहिला तरी चालतो. बन मात्र त्यात खालून करपतो आणि वरून पांढराफटक राहतो. त्यानंतर ॲल्युमिनियमचा गोल, काचेची खिडकी असलेला विजेचा ओव्हन आला. तो माळ्यावरून खाली यायचा तो फक्त वाढदिवसाला. त्यात तापमान नेमके ठेवता येत नसे.

आणि वीज! 2005नंतरची काही वर्षे मुंबई शहरात दिवे जळत असताना ठाणे-नवी मुंबईत भारनियमन होते. केकचे मिश्रण वीज गेली तर ओतण्याआधी थांबवता येते, भिजवायचे राहू देता येते. यीस्टचे पीठ थांबत नाही. ते फुगत राहते, आंबते आणि शेवटी खाली बसते. ज्या घरात रोज वेळापत्रक पाहून गिरणी आणि मिक्सर लावावा लागे, तिथे खमिराच्या पिठाचा उद्योग कोणी केला नाही यात नवल नाही. वीज स्थिरावली, वर-खाली दोन्हीकडे कॉईल आणि तापमानाची चकती असलेला ओटीजी (ओव्हन-टोस्टर-ग्रिल) मध्यमवर्गीय घरात आला, तेव्हा कुठे भट्टीची सोय उंबऱ्याच्या आत आली.

यीस्टचेही तसेच. लुई पाश्चरने 1850-60च्या दरम्यान दाखवून दिले की फसफसणे हे जिवंत सूक्ष्मजीवांचे काम आहे. त्याच शतकात वड्यांच्या रूपातले ओले यीस्ट बाजारात आले, पण ते थंड जागीच टिकते, दोन-तीन आठवडेच टिकते आणि बेकरीवाल्यांनाच परवडते. कोरडे दाणेदार यीस्ट दुसऱ्या महायुद्धात अमेरिकी सैन्यासाठी तयार झाले आणि पाण्यात न भिजवता थेट मैद्यात टाकायचे इन्स्टंट यीस्ट 1970च्या दशकात फ्रान्समधून आले. आमच्या लहानपणी ठाण्यात ते मिळत नसे. बेकिंगचे सामान हवे तर क्रॉफर्ड मार्केट गाठावे लागे, सीएसटीला उतरून. आता जांभळी नाक्याला मिळते, वाशी-तुर्भ्याच्या बाजारातून घाऊक येते. 2020च्या त्या महिन्यांत मात्र इतक्या घरांतून इतके पाव भाजले गेले की यीस्ट दुकानांतून गायबच झाले. आम्हाला मिळाले ते शेजारच्या इमारतीतल्या ईस्ट इंडियन काकूंकडून. त्यांनी चहाच्या चमच्याने दोन चमचे कागदात बांधून गॅलरीतून दोरीला लावून सोडले. फुग्यांसाठी ठेवलेले होते.

त्या पहिल्या बनचे प्रमाण तेच मी आजही ठेवते. अर्धा किलो मैदा, 7 ग्रॅम इन्स्टंट यीस्ट, 60 ग्रॅम साखर, 8 ग्रॅम मीठ, 50 ग्रॅम लोणी आणि साधारण 300 मिली कोमट दूध. याचे बारा बन होतात. साखर यापेक्षा फार वाढवू नये. साखर पाणी ओढून घेते, यीस्ट तहानलेले राहते आणि पीठ उठत नाही. गोडवा वरून द्यायचा असतो, म्हणूनच आयसिंग आहे. इंग्रजी कृतींत पीठ उबदार जागी दीड-दोन तास ठेवा असे लिहिलेले असते. ठाण्यात एप्रिल-मेमध्ये ओट्यावर पाऊण तासात ते दुप्पट होते. घड्याळापेक्षा पिठाकडे पाहावे. पुढे 190 अंशांवर पंधरा मिनिटांच्या आसपास.

आता हवा. साध्या आयसिंगमध्ये पिठीसाखर आणि पाणी एवढेच असते. वरचे पाणी उडाले की साखरेचे बारीक कण एकमेकांना धरतात आणि कोरडा, मऊ पापुद्रा बसतो. लंडनच्या थंड दुकानात तो बसतो. खाडीकाठच्या दमट हवेत साखर उलट हवेतले पाणी ओढते, थर चिकट राहतो, पावसाळ्यात तर घळघळतो. काचेच्या कपाटात दिवसभर माल ठेवणाऱ्या बेकरीला असा बन परवडत नाही. घरी मात्र तो तासाभरात संपतो. म्हणून मला वाटते, ठाण्याच्या हवेत आयसिंगचा बन हा मुळात घरीच शोभणारा पदार्थ आहे. विकतच्या पिठीसाखरेत थोडे कॉर्नफ्लोअर असते, ते ओल धरून ठेवते. मिक्सरवर केलेल्या साखरेत ते नसते, तेव्हा वाटीला एक चहाचा चमचा घालावे.

साखरेचा पांढरा पापुद्रा आपल्याला परका मुळीच नाही. पाकातले चिरोटे, बालुशाहीवरचा दुधट थर, गुढीपाडव्याच्या गाठी, संक्रांतीचा काटेरी हलवा, ही सगळी पाक गोठवण्याचीच कामे. मुंबई-ठाण्याच्या लाकडावरच्या भट्ट्या मात्र आता बदलाच्या दारात उभ्या आहेत. जानेवारी 2025मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने मुंबईतल्या लाकूड-कोळशावरच्या बेकऱ्यांना सहा महिन्यांत स्वच्छ इंधनावर जाण्याचा आदेश दिला. धूर कमी व्हायलाच हवा. पण ज्या भट्टीने आमची नानकटाई भाजली तिच्या कारागिरांना हा खर्च झेपेल अशी मदतही मिळायला हवी, असे मला कळकळीने वाटते.

त्या एप्रिलमध्ये आमचे बन छान फुगले, आयसिंग बिघडले. लेकीने वाटीत पाणी एकदम ओतले आणि गरम बनवर ते फासले. सगळे पत्र्यावर ओघळले. आई तोवर बाजूला खुर्चीत बसून बघत होती. ती उठली, नवी वाटी घेतली. "हलवा करताना पाक कसा घालतात? थेंबथेंब. आणि घाई नाही," म्हणाली. दोनशे ग्रॅम पिठीसाखरेला तिने दोन मोठे चमचे पाणी घातले, तेही चमच्याच्या टोकाने, मध्ये मध्ये घोटत. पाकात पिळतात तसे लिंबाचे चार थेंब पिळले. बन पूर्ण निवेपर्यंत कोणालाही हात लावू दिला नाही. मग एकेक बन उचलून, उलटा धरून, त्याचा माथा वाटीत बुडवला आणि अलगद वर काढला.